मास्टरचा ळ

आखातात शिंप्याला सगळे मास्टर म्हणतात. गळ्यात टेप अडकवली की माणूस मास्टर झाला, मग तो शिकलेला असो नाहीतर नसो. मस्कतला उतरून मला महिना झाला नसेल, तेव्हापासून हीच हाक मागे लागली. मी सातवीतून शाळा सोडलेला माणूस. दर वेळी हाक ऐकली की आत कुठेतरी दचकायचो. वाटायचं, एक दिवस कुणीतरी विचारणार, कुठले मास्टर हो तुम्ही, कितवी पास?

तसं विचारलं गेलंच. पण त्याच्या आधी गाणी आली, म्हणून गाण्यांपासूनच सांगतो.

माझं दुकान रुवीत, राहायची खोली वादी अदाईत. दुकान म्हणजे अर्बाबचं, ओमानी मालकाचं, मी तिथला कारागीर. इथल्या पुरुषांचे लांब पांढरे झगे, डिशडाशा म्हणतात, ते शिवायचे. गळ्याशी एक छोटा गोंडा असतो त्याला. तो गोंडा सरळ लटकला पाहिजे, नाहीतर गिऱ्हाईक झगा परत आणून टेबलावर टाकतं. मला शिवताना गायची सवय आहे. मशीनचा जो ठेका असेल त्यावर, समोर जे दिसेल ते गायचं. "काज कापा, बटण लावा, अर्बाब आला, चहा द्यावा," असलं काहीही.

असाच गात होतो तेव्हा दुकानात एक ताई आल्या. पुण्याच्या. नोकरी इथे एका मोठ्या कंपनीत, आणि शुक्रवारी संध्याकाळी सीबला, शहराच्या दुसऱ्या टोकाला, स्वतःच्या घरात मराठी मुलांचा वर्ग घ्यायच्या. मुलांच्या नाटुकल्यासाठी त्यांना उंदराच्या शेपट्या शिवून हव्या होत्या. लेडीज टेलरनं हसून परत पाठवलं होतं म्हणे. मी काही हसलो नाही. शेपटी म्हणजे काय, बारीक बाहीच की, हात न घालायची.

त्या मापं सांगायच्या थांबल्या आणि म्हणाल्या, "मास्टर, हे गाणं कुणाचं?"

"कुणाचं नाय ताई. मशीनचं."

शेपट्या न्यायला आल्या तेव्हा खुर्ची ओढून बसल्या. म्हणाल्या, "आमची मुलं घरात मराठी ऐकतात, पण एकमेकांशी सगळं इंग्रजीत. वाचायला दिलं की रडकुंडीला येतात. तुम्ही गा, खाली शब्द दिसू देत, मुलं बघत बघत बरोबर गातील. छोट्या छोट्या फिल्मा करू. गाणी मी लिहीन, चाल तुमची."

मला घाम फुटला. गायचं ठीक, पण शब्द म्हणजे वाचणं आलं. मी खोटं बोलू शकलो असतो. पण ती बाई इतकी सरळ बघत होती की तोंडातून खरंच निघालं. "ताई, मी अजून बोट ठेवून वाचतो. एकेक अक्षर. पोरं पुढे पळतील, मी मागे राहीन."

ताई अशा हसल्या की मला वाटलं आता गेलं काम. म्हणाल्या, "अहो, तेच तर हवंय. मुलंही तशीच वाचतात. ते बोटच दाखवू आपण."

बोट दाखवून पाहिलं तर अक्षर झाकलं जायचं. तेव्हा मी एका लहान कोटाचं उरलेलं लाल बटण घेतलं, काळ्या दोऱ्यात ओवलं आणि कापड मोजायच्या गजाच्या टोकाला बांधलं. भिंतीवर अबायाचं, इथल्या बायकांच्या झग्याचं, काळं कापड ताणून लावलं. त्यावर ताईंनी खडूनं, आमच्या शिंप्यांच्या चपट्या खडूनं, गाण्याच्या ओळी लिहिल्या. काळ्या कापडापुढे काळा दोरा दिसत नाही. मी गज हलवला की नुसतं बटण दिसायचं, एका अक्षरावरून दुसऱ्यावर टुणटुण उड्या मारणारं. फोन कापडाच्या दोन ताग्यांच्या मधे खोचून ठेवला. एसी बंद, कारण त्याची घरघर आवाजात येत होती. मी एका बाजूला उभा राहून गातोय, हातानं बटण नाचवतोय, कपाळावरून घाम डोळ्यात जातोय आणि तो पुसायला तिसरा हात नाही. ही आमची पहिली फिल्म. शुक्रवारी दुकान बंद असतं, तेव्हा सकाळी सुरू केलं आणि जुम्म्याच्या नमाजाआधी खलास केलं.

बटण अक्षरावर किती थांबवायचं हे मला कुणी शिकवलं नाही. जिथे मी स्वतः अडतो तिथे ते थोडं जास्त थांबायचं. जोडाक्षर आलं की बटण आधी जागेवर दोनदा हलायचं, मग उडी. मी मुद्दाम करत नव्हतो. मला तेवढा वेळ लागायचाच.

पुढच्या शुक्रवारी ताईंचा आवाजी मेसेज आला. मागे पोरांचा गलका. ताई ओरडून सांगत होत्या, "मास्टर, वाचतायत! अख्खा वर्ग वाचतोय!" मी तो मेसेज किती वेळा ऐकला असेन. वादी अदाईच्या खोलीत आम्ही चौघे राहतो. शेवटी एकजण म्हणाला, "अरे बाबा, कळलं, वाचतायत. आता आम्हाला जेवू दे."

दुसरी फिल्म झाली, तिसरी झाली. एकदा सीबच्या जुन्या बाजारात खोबरेल तेल घेत उभा होतो, तर एका पोरानं बोट दाखवून आईला हलवलं, "बटणवाले मास्टर!" मी मागे वळून पाहिलं, दुसरं कुणी आहे का. कुणी नव्हतं. नोकरी जाईल म्हणून घाबरत घाबरत मी अर्बाबलाही फिल्म दाखवली होती. त्याला ती इतकी आवडली की गिऱ्हाइकांना फोनवर दाखवायचा आणि स्वतः ताल धरायचा. शब्द एक कळत नव्हता.

चौथी फिल्म उंटांच्या शाळेची. ताईंनी लिहिलं होतं:

वेळ झाली, वेळ झाली,
उंटांची शाळा भरली.
काळा उंट, पिवळा उंट,
सगळे उंट आले पळत.

अर्बाबला मी अर्थ सांगितला. तो म्हणाला, "उंट को स्कूल? मास्टर, मेरा भी एक है, भेज दूँ? बैठना आता है उसको, सुनना नहीं आता."

चाल मला एका झटक्यात सुचली. आजवरची सगळ्यात चांगली चाल होती ती, हे मी आजही सांगतो. एकाच दमात रेकॉर्ड झालं. ताईंनी आईबापांच्या ग्रुपवर टाकलं.

दोन दिवसांनी ताई ऑफिसमधून थेट दुकानात आल्या. फोन हातात, पण देत नव्हत्या. मी म्हटलं, "सांगा ताई, काय झालं?" त्यांनी वाचून दाखवलं. वर्गातल्या एका मुलीच्या आईनं लिहिलं होतं: "गाणं छान आहे, पण 'वेल झाली, शाला भरली, काला उंट' हे काय आहे? हे मास्टर म्हणजे शिक्षकच ना? ज्यांना स्वतःला ळ म्हणता येत नाही, ते आमच्या मुलांना मराठी काय शिकवणार?" खाली बऱ्याच जणांचे अंगठे होते.

आमच्याकडे, रायगडच्या किनाऱ्याला, आमच्या मोहल्ल्यात ळ नाहीच. तिथे वेळेला वेल म्हणतात, शाळेला शाला, केळ्याला केलं. "केलं खाल्लं का?" असं आम्ही विचारतो आणि सगळ्यांना कळतं. मला मी चुकतोय हे माहीतच नव्हतं असं मात्र नाही. सातवीत गुरुजींनी एकदा उभं करून धडा वाचायला लावला होता. "फळ्यावर काळा ढग," असं काहीतरी होतं. मी वाचलं, वर्ग हसला. गुरुजींनी परत वाचायला लावलं, वर्ग परत हसला. शाळा का सोडली विचारलं तर मी वडलांची तब्येत हे कारण सांगतो. ते खरं आहे. पण अर्धं.

ताई म्हणाल्या, "चूक माझी आहे मास्टर. मला तेव्हाच ऐकू आलं होतं. मला ते गोड वाटलं म्हणून बोलले नाही." मग खाली बघत म्हणाल्या, "पुढच्या महिन्यात हॉलमध्ये कार्यक्रम आहे, सगळे आईवडील येणार. एकजण आहेत, गाणं शिकलेले. आवाज त्यांचा घेऊ. बटण तुमचंच. हात तुमचेच दिसतील."

मी म्हटलं, "काय हरकत नाय ताई." सुईत दोरा ओवत होतो. तो काही केल्या जाईना.

त्या दारापर्यंत गेल्या तेव्हा मी हाक मारली. "ताई, दोन शुक्रवार द्या मला. तोवर नाय जमलं तर त्यांचा आवाज घ्या. मी बटण हलवीन, कुरकुर करणार नाय."

आयुष्यात मी कधी कुणाकडे काही मागितलं नव्हतं. ताई परत आल्या आणि पर्स टेबलावर ठेवली.

ताईंनी मला शिकवायचा प्रयत्न केला. "जीभ मागे वळवा आणि म्हणा, ळ." मी वळवली. ल आला. "अजून मागे." मग घुसमटल्यासारखा आवाज आला. ताई स्वतः दहा वेळा म्हणाल्या, ळ, ळ, ळ, आणि मग थांबल्या. "मला नाही सांगता येत हो मास्टर. मी कसा म्हणते ते मलाच माहीत नाही." त्यांच्या तोंडात तो जन्मापासून होता. मी ट्रायल रूमच्या आरशासमोर तोंड उघडून उभा राहायचो. एकदा एका गिऱ्हाइकानं पडदा सरकवला आणि मला जीभ बाहेर काढलेला बघून गपचूप परत लावला.

पहिला शुक्रवार असाच गेला.

मग एका दुपारी, काज करताना, दोऱ्याचं टोक सुईत जाण्यासाठी दातानं तोडून जिभेनं ओलं केलं. दिवसातून शंभरदा करतो ते. एक बारीक तुकडा तुटून तोंडात गेला आणि वर टाळूला चिकटला. चांगलाच मागे. हात गुंतलेले, म्हणून तो जिभेच्या टोकानं काढायला लागलो. जीभ उलटी करून वर नेली, टोकानं दोरा खरवडला, जीभ पुढे आपटली, आणि तोंडातून आवाज आला. ळ.

मी काम थांबवलं. दोरा तसाच होता. परत खरवडलं. ळ. परत. ळ. दोरा निघाला, तरी जिभेला जागा सापडली होती. "वेळ," मी म्हणालो. "शाळा. काळा. पिवळा. टाळू." शब्दांना नवीन बटणं लावावीत तसे सगळे एकेक करून म्हटले. अर्बाब आत आला तेव्हा मी भिंतीकडे बघून केळं, केळं म्हणत होतो. तो म्हणाला, "मास्टर, केला चाहिए?" मी म्हटलं, "नहीं अर्बाब, आ गया." त्यानं टेबलावर केळं शोधलं.

दुसऱ्या शुक्रवारी सीबला गेलो. ताईंच्या घरी वर्ग चालू होता, आईबाप मागच्या खुर्च्यांवर. मेसेज लिहिणाऱ्या बाई कुठल्या ते मला कुणी सांगितलं नाही, सांगायची गरज पडली नाही. त्यांची मुलगी पुढे उभी राहून उंटांचं गाणं म्हणत होती. सात-आठ वर्षांची, दोन शेंड्या. "वेड झाली, वेड झाली, उंटांची शाडा भरली."

मागून आई दबक्या आवाजात, "वेड नाही गं, वेळ. वेळ!"

"वेड," मुलगी म्हणाली.

"ऐक नीट. वेळ."

"आय सेड दॅट ओन्ली! वेड!" आणि ओठ काढून रडायच्या बेतात.

सगळी हसली. ते हसू मी ओळखलं, ते सातवीपासून माझ्या कानात होतं. मी न विचारता पुढे गेलो आणि तिच्यासमोर खाली बसलो. "बेटा, तुझ्या टाळूला दोरा चिकटलाय."

तिनं तोंडात बोट घातलं. "कुठे?"

"बोट नको. बोटानं नाय निघत तो. जिभेच्या टोकानं काढ. मागे, अजून मागे, हां, आता खरवड आणि जीभ पुढे आपट."

ती डोळे बारीक करून जिभेची कसरत करू लागली. एकदम तोंडातून निघालं, "ळ!"

दचकली ती. माझ्याकडे बघितलं, आईकडे बघितलं. "वे-ळ. वेळ! मम्मा, वेळ!" मग वर्गातली सगळी पोरं जिभा उलट्या करून दोरा काढायला लागली. घरात ळळळळ असा नुसता गजर. एक बाप सुद्धा हळूच करून बघत होता, मी पाहिलं.

त्या बाई उठल्या. मला वाटलं, आता विचारणार, कितवी पास. त्यांनी विचारलं, "मास्टर, तुम्हाला कुणी शिकवला हा दोरा?"

"कुणी नाय. मलाच या आठवड्यात सापडला."

त्यांनी पाणी आणून दिलं. ताई मागून म्हणाल्या, "हॉलमध्ये तुम्हीच गाताय."

हॉलचा दिवस आला. ताईंनी स्क्रीन लावायचं म्हटलं होतं, पण मीच नको म्हटलं. काळं कापड मोठं शिवून आणलं, स्टेजभर ताणलं, वीतभर उंच अक्षरं, आणि लाल बटण या वेळी बशीएवढं, पुठ्ठ्यावर कापड मढवून केलेलं. पुढे सतरंजीवर मुलं, मागे भरलेल्या खुर्च्या. मी गज उचलला. मनात एकच: दोरा, टाळू, दोरा, टाळू. बटण पहिल्या अक्षरावर टेकवलं, सूर लावला आणि मोठ्यानं गायलो,

"वेल झाली, वेल झाली..."

झालं. घाबरलं की जीभ माहेरी जाते. मी थांबलो. बटण ळ वर लटकत राहिलं. मला खरंच गुरुजी दिसले, ते पुस्तक दिसलं, पायाखालची ती शेणानं सारवलेली जमीन दिसली.

आणि पुढून, सतरंजीवरून, दोन शेंड्यांवाली उभी राहिली. कमरेवर हात. "मास्टर! दोरा!"

मग दुसरा ओरडला, "मास्टर, दोरा काढा!" मग सगळीच. "दोरा! दोरा! दोरा!" मागच्या खुर्च्यांपर्यंत हसू पसरत गेलं. मी ऐकत उभा राहिलो. त्या हसण्यात कुणाला हिणवणं नव्हतं. ते माझीच शिकवणी मला परत देत होते.

मी माईकसमोर तोंड उघडलं, जीभ उलटी केली, नाटक करून मोठा दोरा ओढल्यासारखा हात केला आणि म्हटलं, "वे..."

"ळ!" हॉल ओरडला. मागच्या खुर्च्यांतून त्या बाईंचा आवाज सगळ्यात वर होता.

त्यानंतर ते गाणं मी गायलो की हॉलनं, मला सांगता येणार नाही. बटण उडत होतं आणि शेदीडशे माणसं त्याच्यामागे धावत होती. काळा उंट, पिवळा उंट, सगळे उंट आले पळत. एकही ळ गळला नाही. तीन वेळा गायला लावलं. तिसऱ्या वेळी मी गज त्या मुलीच्या हातात दिला आणि नुसता गायलो. हात मोकळे ठेवून लोकांसमोर गाण्याची ती माझी पहिली वेळ. हातांचं काय करायचं ते कळेना, म्हणून टेप पकडून उभा राहिलो.

त्याला आता काही वर्षं झाली. फिल्मा चालू आहेत. शब्द आता संगणकावर येतात, ताईंच्या मुलानं करून दिलं. पण उडी मारणारं ते लाल बटणच आहे, चार भोकांचं, आणि त्याचा वेग अजून मी ठरवतो. प्रत्येक फिल्ममध्ये मी एक ळ मुद्दाम चुकतो. मग फिल्म थांबते आणि पोरांनी ओरडायचं असतं, "मास्टर, दोरा!" दुबईहून, दोहाहून पोरं ओरडतानाचे व्हिडिओ येतात. अर्बाबनं दुकानाच्या काचेवर माझा फोटो लावलाय, खाली अरबीत काहीतरी लिहिलंय. काय लिहिलंय विचारलं तर म्हणतो, "मास्टर. और क्या लिखूँ?" आता ती हाक ऐकून मी दचकत नाही. म्हणजे, रोज नाही दचकत.

त्या हॉलची फिल्म मी गावी अम्मीला पाठवली होती. शेजारच्या पोरीनं तिला दाखवली. संध्याकाळी फोन आला.

"गातोस बरा," अम्मी म्हणाली. "मानसा पन लय जमली. पन मना सांग, ह्यो वेगलाच काय बोलतोस? तोंडात काय धरलाय तुझ्या?"

"दोरा, अम्मी."

"शिंप्याची जात. सुई नको गिलूस म्हंजे झाला." मग मागे बांग ऐकू आली. "चल, वेल झाली नमाजची. ठेवतंय."

"हां अम्मी," मी म्हटलं, "झाली वेल."